जोडीनं धुतलेले रोल फिके का येतात?

फिल्म तीच, डेव्हलपर (फिल्मवर चित्र उमटवणारं रसायन) तोच, तापमान तेच, मिनिटंही तेवढीच. तरी एका रविवारी निगेटिव्ह छान भरलेल्या येतात आणि पुढच्या रविवारी फिक्या. घरी ब्लॅक अँड व्हाइट रोल धुणाऱ्या बऱ्याच जणांच्या वाट्याला हे येतं. मग कुणी कॅमेऱ्याच्या मीटरवर खापर फोडतं, कुणी डेव्हलपर शिळा झाला समजून अर्धी बाटली मोरीत ओततं. मीही दोन वर्षं हेच केलं. कारण सापडलं ते एका साध्या भागाकारात.

ज्या रोलांमुळे मी या प्रश्नाच्या मागे लागले ते दिवे घाटातले. माऊलींची पालखी पुण्याहून सासवडला जाताना हा घाट चढते. त्या दिवशी आभाळ पांढुरकं होतं, खाली पांढरी धोतरं, पांढऱ्या टोप्या, मधे मधे काळ्या छत्र्या. इल्फर्डच्या एचपी५ प्लस फिल्मचे दोन रोल भरले. दुसऱ्या दिवशी दोन्ही एकाच टँकमध्ये, म्हणजे उजेड न शिरणाऱ्या डब्यात, धुतले: कोडॅकचा डी-७६ डेव्हलपर, १+३ पातळ केलेला, २४ अंश सेल्सिअस, १४ मिनिटं. रीळ उलगडून ओली फिल्म खिडकीसमोर धरली. छत्रीच्या घड्या दिसत होत्या, एका म्हाताऱ्या वारकऱ्याच्या खांद्यावरच्या घोंगडीची वीणसुद्धा दिसत होती. पण धोतर आणि आभाळ एकमेकांत मिसळून गेलं होतं. निगेटिव्हवर जिथे काळंकुट्ट हवं तिथे नुसता धुरकटपणा. आणि हे दोन्ही रोलांवर, पहिल्या फ्रेमपासून शेवटच्या फ्रेमपर्यंत.

आधीच्याच आठवड्यात त्याच बाटलीतून, त्याच प्रमाणात, त्याच वेळेत एक रोल धुतला होता. तो उत्तम आला होता.

आधी दोष कुठला ते ओळखा

फिकी निगेटिव्ह दोन कारणांनी येते: कॅमेऱ्यात उजेड कमी पडला, किंवा टँकमध्ये डेव्हलपिंग कमी झालं. दोन्हींवर उपाय वेगळे, त्यामुळे हे आधी ठरवल्याशिवाय पुढे काहीही बदलू नका.

सगळ्यात सोपी खूण चित्रात नसते, फिल्मच्या कडेला असते. फ्रेमचे आकडे आणि फिल्मचं नाव कारखान्यातच प्रकाशानं उमटवलेलं असतं. तुमच्या कॅमेऱ्याचा, मीटरचा, शटरचा त्याच्याशी काही संबंध नाही. ती अक्षरं काळी होतात ती फक्त डेव्हलपरमुळे. म्हणून मोबाइलचा पडदा पांढरा करा, त्यावर चांगल्या आलेल्या रोलची एक पट्टी आणि फिक्या रोलची एक पट्टी शेजारी शेजारी ठेवा, आणि फक्त कडेची अक्षरं बघा. दोन्हींकडे सारखीच ठसठशीत असतील आणि चित्रं तेवढी फिकी असतील, तर उजेड कमी पडलाय. डेव्हलपरला हात लावू नका. अक्षरंही फिकी असतील, तर गडबड टँकमध्ये झाली आहे. मात्र तुलना एकाच जातीच्या फिल्मची करा. कारखान्यागणिक या अक्षरांचा गडदपणा वेगळा असतो.

दुसरी खूण सावल्यांची. उजेड कमी पडला असेल तर सावलीच्या जागी निगेटिव्ह कोरी, काचेसारखी असते. तिथे काही उमटलेलंच नसतं. डेव्हलपिंग कमी पडलं असेल तर सावलीतला तपशील बऱ्यापैकी असतो, पण उजळ भाग वर चढलेले नसतात. सगळं चित्र करड्या रंगात चेपलेलं दिसतं. माझ्या रोलवर घोंगडीची वीण होती आणि धोतर नव्हतं, म्हणजे दोष टँकमधलाच.

तिसरी जागा म्हणजे रोलचं अगदी सुरुवातीचं टोक. कॅमेऱ्यात घालताना ते उजेडात असतं, त्यामुळे ते जितकं काळं होऊ शकतं तितकं व्हायला हवं. माझ्या चांगल्या रोलच्या टोकातून ट्यूबलाइटचा जेमतेम आकार दिसत होता. घाटातल्या रोलच्या टोकातून पंख्याची पाती मोजता येत होती.

(फिल्म पूर्ण कोरी असेल आणि कडेची अक्षरंही नसतील तर डेव्हलपर मेलेला आहे, किंवा चित्र पक्कं करणारा हायपो त्याच्या आधी ओतला गेला. अक्षरं आहेत पण चित्र एकही नाही, तर फिल्म कॅमेऱ्यात पुढे सरकलीच नाही. हे दोन्ही वेगळे प्रश्न.)

वहीनं दिलेलं उत्तर

मी प्रत्येक रोलची नोंद ठेवते: तारीख, फिल्म, डेव्हलपर, प्रमाण, तापमान, वेळ. घाटातल्या रोलांनंतर ती वही घेऊन बसले आणि ज्या रोलांपुढे मी स्वतःच ‘फिका’ असं लिहून ठेवलं होतं त्यांवर पेन्सिलनं खुणा केल्या. प्रमाणात काही फरक नव्हता, तापमानातही नव्हता. उन्हाळा-पावसाळा असाही काही धागा लागेना. मग दिसलं की खुणा जोडीजोडीनं आहेत. एकाखाली एक दोन ओळी, दोन्हींची तारीख एक. ज्या दिवशी दोन रोल धुतले त्या दिवशीचेच रोल फिके होते. एका टँकमध्ये किती रोल होते, हा एवढा एकच रकाना माझ्या वहीत नव्हता.

आता हिशेब बघा. माझ्या टँकमध्ये दोन रिळं (फिल्म गुंडाळायच्या चकत्या) मावतात आणि मी नेहमी ६०० मि.ली. डेव्हलपर बनवायची. १+३ म्हणजे एक भाग मूळ डेव्हलपर, तीन भाग पाणी. एकूण चार भाग. ६०० मि.ली.मध्ये मूळ डेव्हलपर १५० आणि पाणी ४५०. एकच रोल घातला तर त्या रोलला १५० मि.ली. मूळ डेव्हलपर मिळतो. दोन घातले तर प्रत्येकाला ७५. टँकमधलं द्रावण दोन्ही वेळा तितकंच तीव्र, पण खाणारी तोंडं दुप्पट.

आपण प्रमाणाकडे बघतो आणि परिमाणाकडे बघायचं विसरतो, हेच या प्रश्नाचं मूळ आहे. प्रमाण ठरवतं की डेव्हलपर किती वेगानं काम करेल. एकूण किती काम करू शकेल, हे ठरतं टँकमध्ये मूळ डेव्हलपर किती मिलिलिटर आहे त्यावर.

कोडॅकच्या डी-७६च्या सूचनापत्रकात हे स्पष्ट दिलेलं आहे, फक्त आपण वेळेचा तक्ता बघून कागद मिटतो. १+१साठी ते सांगतात की ३६ फ्रेमच्या एका रोलला पातळ केलेला डेव्हलपर ४७३ मि.ली. घ्या, म्हणजे मूळ डेव्हलपर सुमारे २३७ मि.ली. त्याच्या निम्म्या द्रावणात, म्हणजे २३७ मि.ली.मध्ये, रोल धुवायचा असेल तर वेळ अंदाजे १० टक्के वाढवा. म्हणजे रोलमागे मूळ डेव्हलपर ११८ मि.ली.वर आला तेव्हाच ते वेळ वाढवायला सांगतात. मी ७५वर काम भागवत होते आणि वेळ एक सेकंदही वाढवला नव्हता.

यात टँकच्या बुडाशी लिहिलेला आकडा फसवतो. पॅटरसनच्या टँकवर ३५ मिमीच्या एका रिळासाठी २९० मि.ली. असं कोरलेलं असतं. रीळ बुडायला किती द्रव लागतो, एवढंच तो आकडा सांगतो. त्या द्रवात पुरेसा डेव्हलपर आहे की नाही, हे तो सांगत नाही. २९० मि.ली.मध्ये १+१ केला तर मूळ डेव्हलपर १४५, ठीक चाललं. १+३ केला तर ७२. रीळ बुडालेलं आहे, फिल्म उपाशी आहे.

फक्त उजळ भागच का मार खातात

डेव्हलपर फिल्मवरच्या, उजेड लागलेल्या कणांचं चांदीत रूपांतर करतो. हे करताना तो स्वतः खर्च होतो आणि त्यातून ब्रोमाइड आणि आम्ल बाहेर पडतं. दोन्ही गोष्टी पुढचं काम मंदावतात. डी-७६मध्ये अल्कली म्हणून बोरॅक्स असतो, लिटरमागे फक्त दोन ग्रॅम, त्यामुळे द्रावण पातळ केलं की हे आम्ल पचवायची त्याची ताकदही उतरते.

सावलीच्या जागी उजेड लागलेले कण थोडे. त्यांना लागणारा डेव्हलपरही थोडा, तो कसाबसा मिळतोच. उजळ जागी कण भरपूर, तिथे डेव्हलपर लवकर संपतो आणि काम अर्ध्यावर थांबतं. माफक प्रमाणात हे आपल्याला हवंच असतं. भर उन्हातल्या चित्रात पांढरं फार चढू नये म्हणून लोक मुद्दाम डेव्हलपर पातळ करतात. पण संपूर्ण टँकमधलाच डेव्हलपर दमला तर सगळंच सपाट होतं.

म्हणून या दोषाला चित्राचा विषयही कारणीभूत ठरतो. रात्रीच्या गल्लीचा रोल ७५ मि.ली.वरही निभावून जाईल, कारण त्यात बराचसा अंधार असतो. ढगाळ आभाळ आणि हजारो पांढरी धोतरं म्हणजे डेव्हलपरला सगळ्यात जास्त कामाला लावणारा विषय. कोकणातला किनारा, चुन्यानं रंगवलेल्या भिंती, बर्फ, सगळ्यांचं तेच. माझे जोडीनं धुतलेले काही रोल चांगले आले होते त्याचं कारण हे, आणि त्यामुळेच मला इतके दिवस धागा सापडत नव्हता.

खात्री करायला मी एक प्रयोग केला, तो तुम्हीही करू शकता. गच्चीवरच्या पांढऱ्या भिंतीसमोर खुर्ची, खुर्चीवर काळी पिशवी. कॅमेरा तिवईवर लावून एकाच एक्स्पोजरनं पूर्ण रोल काढला. उजेड न शिरणाऱ्या चेंजिंग बॅगमध्ये तो मधोमध कापला. पहिला अर्धा भाग ६०० मि.ली. १+३मध्ये एकटा धुतला. दुसरा अर्धा भाग तेवढ्याच ६०० मि.ली. १+३मध्ये, पण दुसऱ्या रिळावर एक वाया गेलेला, उजेडात पूर्ण उघडलेला रोल चढवून. वेळ, तापमान, टँक हलवण्याची पद्धत सगळं सारखं. काळ्या पिशवीच्या जागी दोन्ही पट्ट्या जवळजवळ एकसारख्या. भिंतीच्या जागी मात्र दुसरी पट्टी इतकी फिकी की दोन वेगळ्या दिवशी काढल्यासारखी वाटावी. वाया गेलेल्या रोलनं डेव्हलपर खाऊन टाकला होता.

मग आता मी काय करते

हिशेब उलटा करते. आधी रोल मोजते, मग मूळ डेव्हलपर, आणि पाणी सगळ्यात शेवटी.

डी-७६ किंवा इल्फर्डचा आयडी-११ असेल तर रोलमागे मूळ डेव्हलपर किमान १२५ मि.ली., जमलं तर १५०. हे दोन्ही डेव्हलपर जवळजवळ सारखेच वागतात. एकच रोल असेल तर १+३ अजूनही वापरते, पण मोठ्या टँकमध्ये: खाली भरलेलं रीळ, वर रिकामं रीळ, आणि ६०० मि.ली. द्रावण. रिकामं रीळ घालायला विसरू नका, नाही तर हलवताना भरलेलं रीळ दांड्यावरून वर सरकतं आणि फिल्मची एक कड द्रावणाबाहेर राहते. मग रोलभर एका कडेला फिकट पट्टा येतो. दोन रोल असतील तर १+३चा विचारच करत नाही. ३०० मि.ली. मूळ डेव्हलपर, ३०० मि.ली. पाणी, आणि वेळेत दहा टक्के वाढ.

एचपी५ प्लस ४०० आयएसओवर काढली असेल तर आयडी-११मध्ये २० अंशांना इल्फर्डचे वेळ असे आहेत: न पातळ करता साडेसात मिनिटं, १+१ला १३ मिनिटं, १+३ला २० मिनिटं. पातळ केलेला डेव्हलपर एकदाच वापरायचा आणि टाकून द्यायचा. परत बाटलीत ओतून पुढच्या रोलला वापरण्याची काटकसर पुढचा रोल बिघडवते, आणि मूळ बाटलीत ओतला तर सगळी बाटलीच.

तीव्र अर्काच्या डेव्हलपरांना हाच नियम जास्त कडक लागतो, कारण तिथे सगळा खेळ पाच-सहा मिलिलिटरचा असतो. एचसी-११०चा मूळ अर्क रोलमागे ६ मि.ली.पेक्षा कमी घेऊ नये. त्याचं प्रमाण ‘बी’ म्हणजे १+३१, २९० मि.ली.मध्ये अर्क ९ मि.ली. बसतो, चिंता नाही. पण वेळ लांबवायला लोक १+६३ करतात, आणि तेवढ्याच २९० मि.ली.मध्ये अर्क साडेचारवर येतो. १+६३ हवंच असेल तर रोलमागे ४०० मि.ली. द्रावण लागणार. एक्सटॉलला रोलमागे मूळ द्रावण १०० मि.ली. हवं, म्हणजे त्याच्या १+३लाही ४०० मि.ली.च. रोडिनाल हा १८९१ सालापासूनचा डेव्हलपर. १+५०ला ३०० मि.ली.मध्ये जेमतेम ६ मि.ली. पडतो आणि मी त्याच्या खाली जात नाही. १+१०० करून तासभर न हलवता ठेवण्याची पद्धत ज्यांना आवडते त्यांनी टँक ६०० मि.ली. भरावा आणि रोल एकच घालावा.

इथे ‘अधिक’ आणि ‘गुणोत्तर’ यांचाही एक घोळ आहे. १+३ला चार भाग होतात. कुठे १:४ लिहिलेलं असतं, त्याचा अर्थ कुणी ‘चारात एक’ घेतो, कुणी ‘एकाला चार’ घेतो, आणि दोघांच्या टँकमध्ये वेगळं द्रावण तयार होतं. १+५० आणि १:५० यांत फरक नगण्य आहे. १+१ आणि १:२ यांत मात्र एक जण अर्धं पाणी घालेल आणि दुसरा दोन तृतीयांश. मी वहीत नेहमी मिलिलिटर लिहिते, ‘१५० + ४५०’ असं. त्यात शंकेला जागा उरत नाही.

मोजताना होणाऱ्या चुका

सहा मिलिलिटर अर्क शंभर मिलिलिटरच्या सिलिंडरमध्ये मोजू नका. दीड-दोन मिलिलिटरची चूक डोळ्यांना कळतही नाही, आणि सहाच्या हिशेबात ती चौथा हिस्सा ते तिसरा हिस्सा असते. औषधाच्या दुकानातून १० मि.ली.ची सिरिंज आणा, सुई नको. अर्क चिकट असेल तर सिरिंजच्या आतल्या बाजूला राहतो. म्हणून टँकसाठी घेतलेल्याच पाण्यात सिरिंज तीन-चारदा भरून रिकामी करा. आधी पाणी, त्यात अर्क, मग नीट ढवळणं. अर्क तळाशी बसला असेल तर पहिल्या मिनिटात फिल्मच्या एका भागाला तीव्र आणि दुसऱ्याला नुसतं पाणी मिळतं.

पावडरचं पाकीट अर्धं वापरून अर्धं ठेवणं ही दुसरी काटकसर. पाकिटात वेगवेगळ्या पावडरी असतात, त्या सगळीकडे सारख्या मिसळलेल्या नसतात. वरच्या अर्ध्यात मेटॉल, म्हणजे चित्र उमटवणारी पावडर, जास्त आलं आणि खालच्यात सल्फाइट, तर दोन्ही द्रावणं बिघडलेली. पाकीट पूर्णच मिसळा, ५० ते ५५ अंशांच्या पाण्यात, सावकाश. स्वतः रसायनं आणून बनवणार असाल तर सोडियम सल्फाइटची चिमूट आधी टाका, मग मेटॉल पूर्ण विरघळू द्या, आणि उरलेलं सल्फाइट त्यानंतर. सगळं सल्फाइट आधी टाकलं तर मेटॉल विरघळायचं नाव घेत नाही. हातमोजे घाला, मेटॉलमुळे काहींच्या बोटांची त्वचा फुटते आणि एकदा हा त्रास सुरू झाला की सहसा परत परत होतो. या कामाची भांडी स्वयंपाकघरात परत नेऊ नका.

पाण्याबद्दल थोडक्यात: बोअरचं जड पाणी वापरलं तर द्रावणात पांढरा गाळ धरतो आणि फिल्मवर ठिपके पडतात. बॅटरीच्या दुकानात मिळणारं डिस्टिल्ड वॉटर किंवा घरच्या आरओचं पाणी चालतं. एक्सटॉलसारख्या, अॅस्कॉर्बेटवर चालणाऱ्या डेव्हलपरना पाण्यातलं लोह फार बाधतं, त्यांना डिस्टिल्डच द्या.

उन्हाळ्याचा प्रश्न

आपल्याकडे अर्धं वर्ष नळाचं पाणी २० अंशांना येतच नाही. एप्रिल-मेमध्ये गच्चीवरच्या टाकीतलं पाणी माझ्याकडे दुपारी ३३ अंशांपर्यंत जातं. तापमान एक अंश वाढलं की वेळ अंदाजे दहा टक्क्यांनी कमी करावा लागतो. साडेसात मिनिटांचा वेळ २६ अंशांना चार मिनिटांवर येतो, आणि पाच मिनिटांच्या आत काम उरकायला गेलं की फिल्मवर डाग, लाटा दिसू लागतात. उन्हाळ्यात डेव्हलपर पातळ करण्याचं खरं कारण हे आहे: वेळ हातात राहतो. १+१चे १३ मिनिटं २४ अंशांना साधारण नऊ होतात, म्हणजे आरामात.

२० अंशांचा हट्ट मी सोडून दिला आहे. बादलीत बर्फाच्या दोन बाटल्या सोडते, पाणी २४वर आणते, आणि डेव्हलपर, स्टॉप (डेव्हलपरचं काम थांबवणारं द्रावण), हायपो तिघांच्या बाटल्या त्यातच उभ्या करते. टँकसुद्धा हलवून झाला की लगेच त्याच बादलीत. कारण २० अंशांना भरलेला टँक ३३ अंशांच्या खोलीत तळहातांवर धरून वीस मिनिटं बसलात, तर आतलं तापमान चढत जातं आणि मग उलटा दोष येतो, निगेटिव्ह काळीकुट्ट. फिका रोल आणि काळा रोल आलटून पालटून येत असतील तर एकाच वेळी दोन कारणं काम करत आहेत असं धरा.

थर्मामीटरही तपासा. कुटलेला बर्फ आणि थोडं पाणी यांच्या लगद्यात तो शून्याजवळ यायला हवा. माझा जुना दोन अंश जास्त दाखवायचा.

डेव्हलपर खरंच मेला असेल तर

सगळा दोष हिशेबाचाच असतो असंही नाही. डी-७६चं मूळ द्रावण पूर्ण भरलेल्या, घट्ट झाकलेल्या बाटलीत सहा महिने टिकतं, अर्ध्या भरलेल्या बाटलीत दोन महिने. आपल्या उन्हाळ्यात याहून कमीच धरा. म्हणून एक लिटर एका बाटलीत ठेवण्याऐवजी मी २५० मि.ली.च्या काचेच्या चार बाटल्या काठोकाठ भरते आणि एकेक उघडते. झाकणाला कागदी चिकटपट्टी, त्यावर तारीख. आणि बाटल्या मुलांच्या हाताला लागणार नाहीत अशा कपाटात, फ्रिजमध्ये खाण्याच्या वस्तूंशेजारी कधीच नाही.

रंगावरून अंदाज करता येतो, पण प्रत्येक डेव्हलपरचा स्वभाव वेगळा. डी-७६ चहासारखा झाला तर टाकून द्या. रोडिनाल गडद तपकिरी होतो आणि तरी व्यवस्थित काम करतो. एक्सटॉल मेला तरी पाण्यासारखाच स्वच्छ दिसतो, त्यामुळे त्याच्या बाबतीत रंगावर अजिबात विसंबू नका. खात्रीची परीक्षा एकच: रोलचं कापून टाकलेलं टोक घ्या, उजेडातच, ज्या प्रमाणात आणि जितका वेळ रोल धुणार तितकाच वेळ त्या डेव्हलपरमध्ये ठेवा. काळंभोर झालं तर डेव्हलपर जिवंत आहे. पण एवढ्याशा तुकड्याला डेव्हलपर चिमूटभर लागतो. तो काळा झाला म्हणून दोन रोल पुरतील असं समजू नका. मी नेमकं तेच समजत होते.

फिक्या झालेल्या रोलचं काय करायचं, हाही प्रश्न येतो. हायपोतून निघालेली फिल्म परत डेव्हलपरमध्ये घालून उपयोग नाही, उरलेले कण हायपोनं धुऊन नेलेले असतात. पण डेव्हलपिंग कमी पडलेल्या निगेटिव्हमध्ये सावल्या असतात, आणि सावल्या असल्या की वाट असते. घाटातली एक फ्रेम मी कागदाच्या पाच नंबरच्या, सगळ्यात कडक ग्रेडवर छापली. आभाळ काही आलं नाही. धोतराची एकच निरी आली, आणि घोंगडीची वीण मात्र धाग्याधाग्यानं.